नुसती मान हलवू नये

१२ जानेवारी

ती. मावशी,

आधी मुद्द्याचं: जेवते, झोपते, स्वेटर घालते. पत्राच्या पहिल्या ओळीत तू हेच शोधणार, म्हणून आधीच लिहून टाकलं. आता निवांत वाच.

मागच्या वेळी फोन केला तर दोन मिनिटांत "लाइनला खरखर आहे, पत्र लिही, तुझं मराठी तरी गंजणार नाही" म्हणून ठेवून दिलास. माझ्या बाजूला खरखर नव्हती. पण लहानपणापासून तुझा हुकूम तो हुकूम, म्हणून हे पत्र.

नवी नोकरी मजेत चालली आहे. रेस्टॉरंटचं स्वयंपाकघर आपल्या घरातल्यासारखं अजिबात नसतं. सगळीकडे स्टील, पायाखाली कायम ओलं, आणि शेगड्यांच्या रांगेमागे आम्ही खांद्याला खांदा लावून उभे. मी भाज्यांवर आहे. चिरायच्या, भाजायच्या, ताटलीत मांडायच्या. ताटल्या बाहेर जातात त्या खिडकीशी आमच्या शेफबाई उभ्या असतात. ऑर्डरची चिठ्ठी आली की त्या मोठ्याने वाचतात: "दोन सूप, एक मासा, माशाला लोणी नको!" आणि सगळं स्वयंपाकघर एका सुरात ओरडतं: "हर्ड!"

पहिल्या दिवशी मला वाटलं, कुणाचा तरी वाढदिवस आहे.

आता मला शाळेत शिकवलेलं इंग्रजी सांगतं की 'हिअर'चा भूतकाळ 'हर्ड'. ऐकले. संपलं. पण इथे तो शब्द दिवसभर उडत असतो. भांडी घासणारा माणूस गरम पातेलं घेऊन मागून जाताना 'मागे गरम आहे' असं सांगतो, मी गप्प राहिले तर थांबून विचारतो, "हर्ड?" मी म्हटलं, "येस." तो म्हणाला, "येस नाही. हर्ड." मग सगळे हसले. मीही हसले.

तर कोशात आयुष्य घालवलेल्या बाई, सांगा पाहू, तुमच्या त्या जाडजूड इंग्रजी-मराठी कोशात याचा काय अर्थ दिला आहे?

तुझी
भोंगा

(इथे मला कुणी या नावाने हाक मारत नाही. माझा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत जायचा, हे सांगून इथे कुणाला पटणारही नाही.)


२९ जानेवारी

चि. भोंगा,

स्वेटर घालतेस हे वाचलं. कोणता, ते लिहिलं नाहीस. तो विटका निळा असेल तर तो स्वेटर नव्हे, जाळी आहे.

तुझ्या शब्दाबद्दल. कोशात आहे ते असं: ऐकणे या क्रियापदाचे भूतकाळी रूप; ऐकलेला; ज्याची सुनावणी झाली आहे असा. बस. जुन्या आवृत्तीत एवढ्यावर भागवलं आहे. पण नव्या आवृत्तीला शेवटी बोलीतल्या अर्थांची पुरवणी जोडायचं ठरलं आहे आणि आम्ही सध्या नेमके एच या अक्षराची प्रुफं तपासतो आहोत. तेव्हा तुझा शब्द अगदी वेळेवर आला. मात्र आमच्या इथे नुसतं "असं म्हणतात" चालत नाही. कोण म्हणतं, कुणाला म्हणतं आणि न म्हटल्यास काय होतं, ते नीट लिहून पाठव. संपादकसाहेबांना पुरावा लागतो.

माझं बरं चाललं आहे. फक्त वाचकबुवांनी उच्छाद मांडला आहे. तुला माहीतच आहे आमची पद्धत. ते मूळ प्रत मोठ्याने वाचतात, अगदी स्वल्पविरामासकट. मी समोरच्या प्रुफावर बोट ठेवून ते छापलं गेलंय का पाहते. एक अर्थ संपला की मी मान हलवते. ते पुढे जातात. इतकी वर्षं सुरळीत चाललं होतं. आता या गृहस्थांनी काय करावं? समोरची आपली खुर्ची उचलून माझ्या उजव्या हाताला आणून ठेवली. तिथे खिडकीतलं ऊन येतं, ते सगळं यांच्या पाठीवर. बरं, बसा म्हटलं. तर आता वाचतात असे, की जणू मी पलीकडच्या इमारतीत बसले आहे. आपल्याच टेबलावर काय हो ओरडायचं! लोकही विचित्रच झाले आहेत हल्ली. एक हे बोंबलतात, आणि बाकीचे सगळे तोंडातल्या तोंडात पुटपुटतात. दुकानदाराला काल तीनदा विचारावं लागलं किती झाले म्हणून.

दाराची घंटी बिघडली आहे. दुरुस्तीवाला येऊन बघून गेला, म्हणे चांगली आहे. त्याला काय कळतं.

फोन नको करूस. खरखर तशीच आहे.

आशीर्वाद.
मावशी


१७ फेब्रुवारी

ती. मावशी,

स्वेटर तपकिरी. तू विणलेला. जाळी पेटीत आहे.

हा घे पुरावा, तुझ्या संपादकसाहेबांना माझा नमस्कार सांगून दे.

कोण म्हणतं: स्वयंपाकघरातला प्रत्येक जण, शेफबाईंपासून भांडी घासणाऱ्यापर्यंत. कुणाला: ज्याने काही सांगितलं त्याला. अर्थ "हो" असा नाही, कारण "हो" म्हटलं की तू तयार आहेस एवढंच कळतं. "समजलं" असाही नाही. सांगणाऱ्याचं बोलणं तुझ्यापर्यंत पोचलं आणि आता ती गोष्ट तुझ्या अंगावर आली, एवढं सगळं त्यात येतं. नुसती मान हलवलेली चालत नाही, कारण सांगणाऱ्याची नजर आपल्या तव्यावर असते, तुझ्या मानेकडे नसते. आणि कुणीच काही म्हणालं नाही तर शेफबाई सगळं थांबवून पुन्हा सांगतात. एकदा एकच जण गप्प होता, तर त्यांनी पातेल्यावर डाव आपटून त्याचं नाव घेतलं आणि तो "हर्ड" म्हणेपर्यंत एकही ताटली बाहेर जाऊ दिली नाही.

मी तर सगळ्यात जोरात म्हणते. भोंगाच शेवटी.

गंमत सांगू? तुम्ही दोघांनीही हे करून पाहा. वाचकबुवांनी वाचलं की मान हलवण्याऐवजी तू शेवटचे शब्द परत म्हणायचे. मग ते ओरडणार नाहीत, बघ.

आणि घंटीसाठी दुसरा दुरुस्तीवाला बोलाव.

तुझी
भोंगा


८ मार्च

चि. भोंगा,

तुझा पुरावा संपादकसाहेबांपुढे ठेवला. त्यांनी चष्मा कपाळावर चढवून वाचला आणि म्हणाले, "बाई, मराठीत एका शब्दात काय द्याल? ते सांगा, मग बघू." मी 'समजले' सुचवलं. म्हणाले, तुमच्या भाचीनेच लिहिलंय की तसं नाही. 'होय' म्हटलं, तेही तिनेच खोडलंय. तेव्हा शब्द अडला आहे. तूच विचार कर.

पण हे सगळं आता मागे पडलं. इथे वाईट झालं आहे.

छपाईला गेलेल्या पानांचा एक फर्मा थांबवावा लागला. 'हँड' या शब्दाचे अर्थ देताना मधला एक अर्थच गळला होता. 'मदत' हा. आमच्या नजरेखालून गेलेलं पान, आणि त्याच्यावर माझी सही. संपादकसाहेब आवाज चढवणारे नाहीत, पण त्या दिवशी त्यांनी आम्हा दोघांना उभं केलं आणि म्हणाले, अशानं जोडी बदलावी लागेल, नाहीतर कुणाला तरी आता घरी बसावं लागेल. कुणाला, ते माझ्याकडे बघून म्हणाले. अगं, घरी बसून मी काय करू? तू तिकडे आहेस. सकाळी उठून ते टेबल आहे म्हणून मी केस विंचरते.

मी सरळ सांगितलं की ती ओळ मला वाचून दाखवलीच नाही, नाहीतर मी मान हलवली नसती. वाचकबुवांनी मान खाली घातली आणि म्हणाले, "चूक माझी." एवढंच. मग मला वाटलं, निदान कबूल तरी केलं. ओरडायला येतं आणि ओळ वाचायला येत नाही! त्यांच्यावरचा माझा राग अजून गेलेला नाही.

तू सांगितलेलं ते परत म्हणायचं वगैरे जमणार नाही. मी काय पोपट आहे?

दुसराही दुरुस्तीवाला म्हणतो घंटी चांगली आहे. सगळे एकाला एक सामील.

मावशी


२३ मार्च

मावशी,

आज चेष्टा नाही.

मी तुला खोटं लिहिलं. मी सगळ्यात जोरात ओरडत नव्हते. पहिले कित्येक दिवस मी नुसते ओठ हलवत होते. ही माणसं इतकं भरभर बोलतात की मला अर्धं कळतं, अर्धं सुटतं, आणि "परत सांगा" म्हणायची मला लाज वाटायची. पुन्हा ते "येस नाही, हर्ड"सारखं हसतील असं वाटायचं. बाकीचे ओरडतात त्यात आपलं खपून जातं. मी परतीच्या तिकिटाची चौकशीही केली होती. तुला सांगणार नव्हते.

मागच्या आठवड्यात शेफबाई ओरडल्या: एका सॅलडमध्ये अक्रोड नको, गिऱ्हाइकाला अक्रोडाने श्वास कोंडतो. शेजारचा मिक्सर चालू होता. मला "सॅलड" आणि "अक्रोड" एवढेच दोन शब्द कळले. सगळे म्हणाले, "हर्ड." मीही म्हणाले. त्या दिवशी नेमकं मोठ्याने. आणि नेहमीपेक्षा मूठभर जास्तच अक्रोड घातले.

ताटली खिडकीपर्यंत गेली. शेफबाई प्रत्येक ताटली बघतात, म्हणून वाचलं. त्यांनी काट्याने एक पान उचललं आणि त्यांचा चेहरा पांढरा पडला. म्हणाल्या, "तू हर्ड म्हणालीस ना?" मी हो म्हटलं. "ऐकलं होतंस?" मी नाही म्हटलं. त्यांनी ताटली कचऱ्यात उलटी केली, हात धुतले आणि नवं सॅलड स्वतः केलं.

दुपारी काम थंडावल्यावर मला मागच्या दारी बोलावून भाजीच्या उलट्या क्रेटवर बसवलं. मला वाटलं, आता हिशेब करून घरी. तर म्हणाल्या, "ज्याला ऐकू आलं नाही त्याला मी पुन्हा सांगेन. दिवसभर सांगेन, तेच माझं काम आहे. पण ऐकलं नसताना हर्ड म्हणणारा माणूस मला स्वयंपाकघरात चालत नाही, कारण त्याच्या भरवशावर मी पाठ फिरवलेली असते." मग माझा ॲप्रन माझ्या हातात दिला आणि संध्याकाळी वेळेवर ये म्हणाल्या. मी त्या क्रेटवर बसून खूप रडले. भीतीने नाही. कुणीतरी आपल्याला ठेवून घेतलं म्हणून.

तेव्हापासून मी "परत सांगा" म्हणते. दिवसातून कितीदा तरी. कुणी हसत नाही, मावशी. ते आपलं सांगतात परत.

आता तुझं. तुझं मागचं पत्र मी पुन्हा पुन्हा वाचलं. तुझ्या दाराची घंटी बिघडलेली नाही. फोनला खरखर नाही. दुकानदार पुटपुटत नाही. आणि वाचकबुवा ऊन खायला उजवीकडे आले नाहीत. फोन तू कायम उजव्या कानाला लावतेस. ते कुठल्या बाजूला येऊन बसले, आणि का, याचा एकदा शांतपणे विचार कर. 'मदत'ची ओळ त्यांनी वाचली असेल. तू मान हलवलीस. मी ओठ हलवत होते. आपण एकाच घरातल्या.

मला वाढवताना तू कधी मला खोटं चालवून घेतलं नाहीस, म्हणून लिहितेय. कानाच्या डॉक्टरांकडे जा. रागाव, पण जा.

तुझीच
भोंगा


९ मे

आदरणीय वाचकबुवा यांस,

क्षमा करा, मावशीच्या पत्रांतून मला आपलं हेच नाव माहीत आहे, म्हणून पाकिटावर कोश कार्यालयाचा पत्ता घालून त्याच नावाने पाठवते आहे. मी त्यांची भाची. मार्चमध्ये मी मावशीला एक पत्र लिहिलं. त्याला उत्तर नाही. त्यानंतर आणखी दोन लिहिली. फोन वाजत राहतो, कुणी उचलत नाही. ती बरी आहे ना, एवढं कृपा करून कळवाल का?

कदाचित मी फार स्पष्ट लिहिलं. तिने उत्तर द्यायलाच हवं असं नाही. तिला फक्त सांगा, भोंगा हाक मारतोय.

आपली नम्र


२२ मे

चि. भाची,

तुमचं पत्र बरोबर माझ्याच टेबलावर आलं. कार्यालयात सगळे मला याच नावाने ओळखतात. तुमच्या मावशींनीच ते रूढ केलं आहे. मी बोलताना अडखळतो. कागदावर अडखळत नाही, त्यामुळे पत्र लांबलं तर सांभाळून घ्या.

मावशी बऱ्या आहेत. तुमचं मार्चमधलं पत्र आल्याच्या दुसऱ्या दिवसापासून रजेवर आहेत. मी अधूनमधून जाऊन येतो. घंटी वाजवत नाही. खिडकीसमोर उभा राहून छत्री उघडमीट करतो, मग दार उघडतात. शेजारच्यांना मी वेडा वाटतो. चहा देतात, पण बोलत नाहीत. मीही बोलण्यात हुशार नाही, त्यामुळे चहा लवकर संपतो.

तुम्हाला एक सांगायला हवं. मी या कार्यालयात आलो तो प्रत जुळवायला. वाचणारे गृहस्थ सोडून गेले आणि संपादकसाहेबांनी मला त्या खुर्चीत बसवलं. अडखळणाऱ्या माणसाला दिवसभर मोठ्याने वाचायचं काम! पहिल्या सकाळी पहिल्याच शब्दावर माझी जीभ जी अडकली ती सुटेना. घामाने प्रत ओली झाली. आजवर माझ्यासमोरच्या प्रत्येक माणसाने अशा वेळी माझा शब्द घाईने पुरा करून टाकला आहे. मदत म्हणूनच करतात, पण त्याने मला जमिनीत गेल्यासारखं होतं. तुमच्या मावशींनी लाल पेन्सिल प्रुफावर टेकवली आणि थांबल्या. खिडकीकडे पाहिलं नाही, घड्याळाकडे पाहिलं नाही. शब्द आला. मान हलवली. पुढचा. त्यांनी आजतागायत माझा एकही शब्द माझ्याआधी उच्चारलेला नाही. हळूहळू त्या टेबलावर माझं अडखळणं थांबलं. घरी, दुकानात अजून अडखळतो. त्या टेबलावर नाही.

त्यांना ऐकू कमी येऊ लागलं हे मला त्यांच्याआधी कळलं. सांगायचा धीर झाला नाही. खुर्ची उजवीकडे नेली आणि आवाज वाढवला. 'मदत'ची ओळ मी वाचली होती. पण एक मोठा ट्रक रस्त्यावरून गेला, त्यांनी मान हलवली, ती मला जरा लवकर हललेली वाटली, आणि तरी मी पुढे गेलो. तेव्हा चूक माझी, हे मी संपादकसाहेबांना खोटं सांगितलेलं नाही.

सध्या त्यांच्या खुर्चीवर एक तरतरीत गृहस्थ बसवले आहेत. ते माझे शब्द पुरे करतात. मी पुन्हा घाम पुसायला लागलो आहे.

तुमच्या पत्रातली शेवटची ओळ मी त्यांना दाखवली. त्यांनी ती वाचली. माझ्या चहात साखर दोनदा घातली.

त्या परत याव्यात असं मला फार वाटतं. माझ्याने ते बोलून होणार नाही, म्हणून तुम्हाला लिहिलं.

आपला
वाचक


२० जून

चि. भोंगा,

ओ.

लहानपणी तू माळ्यावर लपून बसायचीस आणि मी खालून हाका मारत राहायची. शेवटी नियम केला होता, आठवतं? खेळ कितीही रंगला तरी हाक ऐकली की ओ द्यायची, मग परत लपायचं. आई गेलेलं पोर घरात कुठे आहे ते मला कळायला हवं होतं. तू कधी चुकली नाहीस. आणि या वेळी हाक तू मारलीस, तर मी इतके दिवस तोंड मिटून बसले. आधी रागाने. मग लाजेने. म्हणून पहिली ओळ ती. उशिरा का होईना, दिली.

कानाच्या डॉक्टरीणबाई तरुण आहेत. मला एका काचेच्या खोलीत बसवलं आणि कानात बारीक आवाज सोडले. ऐकू आला की बटण दाबायचं. मी सवयीने आवाज नसतानाही दाबत होते. त्या हसून म्हणाल्या, "आजी, परीक्षा नाही ही." डावा कान जवळजवळ गेला आहे, उजवा निम्मा. आता दोन्हीकडे यंत्रं आहेत, शेंगेएवढी. पहिल्या दिवशी घरी आले तर माझ्याच चपला मला ऐकू आल्या. फ्रिज गुरगुरतो हे मला ठाऊकच नव्हतं. बाहेर जाऊन स्वतःच्याच दाराची घंटी वाजवली. ठणठणीत आहे. दोन्ही दुरुस्तीवाल्यांना निरोप पाठवला की तुमचं बरोबर होतं.

मग कार्यालयात गेले. रात्रभर वाक्यं जुळवली होती, ती सगळी विसरले. संपादकसाहेबांना म्हटलं, "मला ऐकू येत नव्हतं आणि मी मान हलवत होते. 'मदत'ची ओळ वाचली गेली होती. ती माझ्याकडून सुटली." ते बराच वेळ चष्मा पुसत राहिले. मी म्हटलं, एच अक्षर पुन्हा पहिल्यापासून माझ्याकडे द्या. वाचकबुवा वाचतील, मी प्रत्येक अर्थाचे शेवटचे शब्द मोठ्याने परत म्हणेन, तोवर त्यांनी पुढे जायचं नाही. वेळ जास्त लागेल. एक जरी ओळ सुटली तर मी स्वतः घरी बसेन. म्हणाले, "करून दाखवा."

टेबलाशी गेले. वाचकबुवा सवयीने उजवीकडे येऊन बसले आणि ओरडायला तोंड उघडलं. मी कानाकडे बोट दाखवून म्हटलं, "हळू चालेल." त्यांनी आवाज खाली आणला, आणि कितीतरी दिवसांनी त्या टेबलावर पहिल्याच शब्दाला अडखळले. मी पेन्सिल टेकवून थांबले. मला काही घाई नव्हती. शब्द आला. मी तो परत म्हटला. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, माझ्याही. शेजारच्या टेबलावरचे बघत होते, बघू देत. इतके महिने मी म्हणत आले की हा माणूस ऊन अडवतो. तो माझ्यासाठी ओरडत होता, भोंगा, घसा बसेपर्यंत, आणि मी त्याच्यावर खेकसत होते. त्यांना मी सगळ्यांसमोर सांगितलं, तुमचे उपकार मी विसरणार नाही. ते म्हणाले, "त-तसं काही नाही." तेही पुरं होईपर्यंत मी थांबले.

एच संपलं. एकही ओळ सुटली नाही. उलट जुन्या आवृत्तीतल्या दोन चुका सापडल्या, त्या आमच्या नव्हत्या. मी आहे तिथेच राहणार आहे.

आणि तुझा शब्द आला तेव्हा संपादकसाहेब स्वतः टेबलाशी येऊन उभे राहिले. "बाई, मराठीत काय?" मी म्हटलं, "ओ." त्यांनी विचारलं, "म्हणजे?" मी म्हटलं, "हाकेला देतात ती. 'हो' नाही, 'समजलं' नाही. तुमची हाक पोचली, मी इथे आहे, आता पुढचं माझ्याकडे, एवढं सगळं त्यात येतं." त्यांनी चष्मा कपाळावर चढवला, मनाशी दोनदा "ओ, ओ" म्हणून पाहिलं आणि म्हणाले, "लिहा." तर पुरवणीत तो शब्द जातो आहे. पुरावा म्हणून तुझं फेब्रुवारीचं पत्र लावलं आहे.

तू ते पत्र लिहिलं नसतंस, तर मी कुढत, सगळ्या जगाला पुटपुटे ठरवून घरी बसले असते. माझ्या पोरीने मला खरं सांगितलं. ते सांगायला तुला किती जड गेलं असेल ते मला कळतं. तुझ्या त्या शेफबाईंनाही माझा नमस्कार सांग. त्यांनी तुला क्रेटवर बसवून जे शिकवलं, ते इथवर पोचलं म्हणावं.

रविवारी सकाळी फोन कर. लाइन साफ आहे.

अनेक आशीर्वाद.
मावशी


३ जुलै

ती. मावशी,

रविवारी आपण बोललोच, तरी हे लिहितेय, कारण फोनवर माझ्याने धड काही सांगून झालं नाही.

शेफबाईंनी मला फोनसाठी आपल्या छोट्या खोलीत बसू दिलं. दार लावायचं विसरले. काय बोलायचं ते सगळं ठरवलं होतं, आणि तू "हॅलो" म्हणालीस तशी ठरवलेलं सगळं गेलं आणि मी आपली जुन्या सवयीने, गल्लीच्या टोकाला हाक मारावी तशी ओरडले, "मावशी!"

बाहेर सगळं स्वयंपाकघर थबकलं. इथे कुणाला ठाऊकच नव्हतं की माझ्याकडे एवढा आवाज आहे. भांडी घासणारा तर पातेलं हातात घेऊन दारात येऊन उभा राहिला. शेफबाईंनी भुवया उंचावून विचारलं, सगळं ठीक आहे ना. मी फक्त फोन त्यांच्याकडे धरला, त्यांना भाषा कळत नसूनही. आणि तिकडून तुझा आवाज आला, अगदी हळू, मला अभ्यासाला उठवायचीस त्या आवाजात:

"ओरडू नकोस गं, भोंगा. ऐकू येतंय."

तुझी
भोंगा